घडीच्या फोनची संगणकीय प्रतिकृती : पाठचिकित्सेचा एक प्रश्न

एखादी साहित्यकृती टिकून राहिली असे आपण केव्हा म्हणतो? तिचे शब्द शाबूत राहिले म्हणजे ती राहिली, असे उत्तर सहसा दिले जाते. आणि पोथी, पुस्तक, नियतकालिक यांच्यापुरते ते बऱ्याच अंशी पुरेसेही ठरते. परंतु २००० सालाच्या आसपास जपानमध्ये असे एक लेखन सुरू झाले, की जे फोनच्या कळांवर अंगठ्याने लिहिले जाई, फोनच्याच चिमुकल्या पडद्यावर वाचले जाई आणि वाचून झाल्यावर झाकण मिटून खिशात ठेवले जाई. त्या फोनना जोडणारी जाळी एकामागून एक बंद होत गेली. केडीडीआय कंपनीची तिसऱ्या पिढीची सेवा मार्च २०२२ मध्ये थांबली, सॉफ्टबँकेची २०२४ मध्ये. आणि या सगळ्याचा आरंभ ज्या आय-मोड सेवेने केला, तिचा अखेरचा दिवस म्हणून ३१ मार्च २०२६ ही तारीख डोकोमो कंपनीने २०१९ मध्येच जाहीर केली. हे फोन आता संगणकाच्या आज्ञावलीतून पुन्हा उभे करण्याचा उद्योग काही हौशी तंत्रज्ञ आणि मोजक्या कंपन्या करीत आहेत. या उद्योगाचा इतिहास तंत्रज्ञांपुरता सोडून द्यावा असा नाही, हे आम्हाला येथे मांडायचे आहे. त्यात उभे राहणारे प्रश्न साहित्याच्या अभ्यासकाला ओळखीचे वाटावेत असे आहेत.

प्रथम संज्ञेविषयी. एका यंत्राने दुसऱ्या यंत्राचे सोंग असे हुबेहूब वठवायचे, की दुसऱ्यासाठी लिहिलेली आज्ञावली पहिल्यावर जशीच्या तशी चालावी, या क्रियेला इम्युलेशन म्हणतात आणि ती करणाऱ्या साधनाला एम्युलेटर. योग्य आज्ञा मिळाल्यास एक यंत्र दुसऱ्या कोणत्याही गणनयंत्राचे काम करू शकते, हा सिद्धान्त अ‍ॅलन ट्युरिंगने १९३६ मध्ये मांडला होता. त्याला व्यवहारात नाव मिळाले ते आयबीएम कंपनीत, १९६३च्या सुमारास. १९६४ मध्ये या कंपनीने सिस्टिम ३६० ही नवी संगणकमालिका जाहीर केली तेव्हा अडचण जुन्या गिऱ्हाइकांची होती. त्यांचे सारे हिशेब १४०१सारख्या जुन्या यंत्रांसाठी लिहिलेले. ते टाकून नवे यंत्र कोण घेणार? म्हणून नव्या यंत्रातच जुन्या यंत्राची सोय करण्यात आली. म्हणजे एम्युलेटरचा जन्म स्मरणरंजनातून झालेला नाही, तो व्यापारी निकडीतून झाला. शब्दाचे लॅटिन मूळही लक्षात घेण्याजोगे आहे. त्याचा अर्थ नुसती नक्कल असा होत नाही. बरोबरी साधू पाहणे, ईर्षेने तोडीस तोड होऊ पाहणे असा होतो. बाह्य वर्तनाचा देखावा उभा करणाऱ्या सिम्युलेटरपासून एम्युलेटर वेगळा मानला जातो तो याच कारणाने. पहिल्यात रूपाचे साम्य पुरते. दुसऱ्यात मूळची आज्ञावली, एक अक्षरही न बदलता, चालावी लागते. व्यवहारात हे दोन शब्द सैलपणे वापरले जातात खरे. पण पुढील विवेचनात हा भेद उपयोगी पडेल.

आता मूळ वस्तू. तोंडाकडचा भाग झाकणासारखा उघडणारा मायक्रोटॅक हा फोन मोटोरोला कंपनीने १९८९ मध्ये आणला. पूर्ण घडी होणारा, शिंपल्यासारखा मिटणारा स्टारटॅक १९९६ मध्ये आला. त्याच कंपनीचा रेझर व्ही३ हा धातूच्या पातळ अंगाचा फोन २००४चा. घडीचे कारण साधे होते : बोलताना फोन कानापासून तोंडापर्यंत पोचावा, पण खिशात निम्म्या जागेत मावावा. वापरणाऱ्यांनी मात्र त्या बिजागरीला स्वतःचे अर्थ दिले. झाकण उघडले की संभाषण सुरू, मिटले की संपले. रागाने फोन ‘आपटणे’ ही जुन्या रिसीव्हरची क्रिया या झाकणामुळे खिशातल्या फोनला पुन्हा लाभली.

जपानमध्ये या घडीला आणखी एक प्रयोजन मिळाले. डोकोमोने २२ फेब्रुवारी १९९९ रोजी आय-मोड सुरू केली आणि फोनवर पत्रे, बातम्या, तिकिटे, बँकेचे व्यवहार येऊ लागले. (२००९ मध्ये आपल्याकडे आलेल्या टाटा डोकोमोमुळे हे नाव मराठी वाचकाला अपरिचित नाही.) वाचण्यासारखे काही आल्यावर पडदा मोठा हवा आणि मोठा पडदा बाळगण्यासाठी घडी हवी. एनईसी कंपनीचा एन५०१आय हा घडीचा फोन त्याच वर्षी आला आणि पुढील दशकात घडीचा फोन हेच जपानी फोनचे नेहमीचे रूप ठरले. आय-मोडच्या आखणीत मारी मात्सुनागा या मासिकाच्या माजी संपादिकेचा मोठा वाटा होता, ही गोष्ट साहित्याच्या वाचकाने ध्यानात ठेवावी. लोकांना फोनवर काय वाचायला आवडेल, हा प्रश्न त्या सेवेच्या मुळाशी होता. सुमारे दीड वर्षात तिचे ग्राहक एक कोटीवर गेले. पुढे उर्वरित जगाचे मार्ग वेगळे झाले, आणि गालापागोस बेटांवरील प्राण्यांप्रमाणे एकाकी उत्क्रांत झालेले फोन म्हणून या यंत्रांना ‘गाराकेई’ असे थट्टेचे नाव पडले. ‘केई’ म्हणजे ‘केइताई’, अर्थात जवळ बाळगायचा फोन.

याच फोनवर केइताई शोसेत्सु, म्हणजे फोनवरील कादंबरी, हा प्रकार वाढला. योशी या टोपणनावाच्या लेखकाने २००० पासून आपल्या संकेतस्थळावर ‘डीप लव्ह’ ही कथामालिका फोनवरील वाचकांसाठी लिहिली. वाचकांची पत्रे येत आणि त्यांतील अनुभव कथेत शिरत. पुढे माहो नो आय-रान्दो या स्थळावर मुख्यतः तरुण मुली लिहू लागल्या. मिका या नावाने लिहिलेली ‘कोइझोरा’ २००६ मध्ये पुस्तकरूपाने आली आणि २००७ मध्ये जपानातील सर्वाधिक खपाच्या दहा ललित पुस्तकांपैकी पाच फोनवर जन्मलेली होती. पहिली तीनही त्यांतलीच. या लेखनाची वाक्ये तुटक, परिच्छेद एकदोन ओळींचे, मध्ये रिकाम्या ओळींचे मोठे अंतर. टीकाकारांनी त्यात भाषेचे दारिद्र्य पाहिले. ते सर्वस्वी चूक होते असे आम्ही म्हणणार नाही. पण त्या भाषेवर यंत्राचा हात किती होता हेही पाहायला हवे. जपानी फोनवर दोनच्या कळेवर ‘का’ची ओळ असे, ‘को’ हे अक्षर हवे तर ती कळ पाच वेळा दाबावी लागे. शब्द सुचवण्याची सोय आली तरी लिहिणे अंगठ्याच्या श्रमानेच चाले. आय-मोडवरील पत्राला आरंभी २५० अक्षरांची मर्यादा होती. जिथे अक्षराला इतके मोल पडते, तिथे रिकामी ओळ हीच विरामाची आणि अबोल्याची सर्वांत स्वस्त खूण ठरते.

येथे आम्हाला एक गोष्ट विशेष महत्त्वाची वाटते. या कादंबऱ्या छापताना प्रकाशकांनी जपानी ललित पुस्तकाची रूढ रीत सोडली. जपानी कादंबरी उभ्या ओळींत, उजवीकडून डावीकडे छापली जाते. या पुस्तकांत ओळी आडव्या ठेवल्या, रिकाम्या जागाही तशाच राहू दिल्या. म्हणजे कागदाने फोनच्या पडद्याचे सोंग घेतले. फोनची पहिली प्रतिकृती आज्ञावलीत झाली असे आपण समजतो. वाचकाच्या दृष्टीने पाहिले तर ती छापखान्यात झाली होती. आणि या सोंगात काय टिकले, काय गळले, हेही तेथे स्पष्ट दिसते. ओळींची मांडणी टिकली. दिवसाआड येणारा भाग, वाचकांच्या प्रतिक्रिया, पुढचा भाग येईपर्यंतची तगमग हे सारे गळले. २००८ मध्ये जाकुचो सेतोउची या ज्येष्ठ लेखिकेने, ‘गेंजी मोनोगातारी’चे आधुनिक जपानीत रूपांतर केल्यावर सुमारे दहा वर्षांनी, वयाच्या ८६व्या वर्षी ‘पर्पल’ या टोपणनावाने अशी एक फोनकादंबरी लिहिली. हे नाव म्हणजे गेंजीची कर्ती मुरासाकी हिच्या नावाचाच अर्थ : जांभळा. जुन्या ग्रंथाला नव्या भाषेत आणणारी लेखिका नव्या यंत्राच्या मर्यादा आपण होऊन स्वीकारते, तेव्हा त्या मर्यादांकडे प्रकाररचनेचे नियम म्हणून पाहणे भाग पडते.

आता आज्ञावलीकडे. फोनच्या एम्युलेटरचा इतिहास दोन उलट्या दिशांनी चालतो. पहिल्या काळात तो फोनच्या पुढे धावत होता. २००१च्या आरंभी डोकोमोच्या ५०३आय मालिकेवर जावा भाषेतील छोट्या आज्ञावल्या चालू लागल्या. त्यांचा आकार दहा किलोबाइटांच्या आत बसवावा लागे. लिहिणाऱ्याला प्रत्येक फोन हाताशी मिळणे अशक्य, म्हणून डोकोमोने संगणकावर चालणारा फोनचा पर्याय विकासकांना दिला. सन मायक्रोसिस्टिम्स कंपनीच्या वायरलेस टूलकिटमध्येही असाच फोन होता : खिडकीत फोनचे चित्र, त्यावर कळांची चित्रे, माउसने दाबायची. या फोनना कोणाचा हात लागत नव्हता, त्यांना वजन नव्हते. पण फोनवर जे दिसायचे ते आधी त्यांच्यावर दिसून गेले. दुसऱ्या काळात दिशा फिरली. फोन नाहीसे होऊ लागले आणि एम्युलेटर त्यांच्या मागे राहिला. जावा फोनवरील खेळ आजच्या अँड्रॉइड फोनवर चालवणारे जेटूएमई लोडर किंवा संगणकावर चालवणारे फ्रीजेटूएमई ही मुक्त साधने या दुसऱ्या काळातली. काही जपानी खेळांसाठी तर विकासकांना दिलेला जुना डोकोमो पर्यायच पुन्हा बाहेर काढला गेला. तालमीसाठी बांधलेला मांडव नाटक बंद पडल्यावर त्याचे संग्रहालय व्हावा, तसा हा प्रकार आहे.

परंतु एम्युलेटर म्हणजे रिकामे रंगमंदिर. संहिता कोठून आणायची? जपानी फोनवरील खेळ विकत घेतला तरी तो त्याच फोनात कुलूपबंद राही. वापरणाऱ्याला त्याची प्रत बाहेर काढता येत नसे. विक्रीची स्थळे बंद झाल्यावर त्या आज्ञावलीच्या उरलेल्या प्रती म्हणजे जुन्या बाजारातल्या, कपाटांतल्या, बॅटरी फुगलेल्या फोनच्या आत पडलेल्या प्रती. हौशी संशोधक असे फोन विकत घेतात, स्मृतिचिप सोडवून वाचतात आणि त्यातून आज्ञावली वेगळी काढतात. हस्तलिखितांचा शोध घेणाऱ्या पंडितांचे काम याहून फार निराळे नव्हते : पोथी कोणाच्या घरी आहे हे आधी कळावे लागते, मग ती मिळावी लागते, मग वाचता यावी लागते. ज्यांच्याकडे मूळ हक्क आहेत अशा काही कंपन्याही पुढे आल्या. जी-मोड या जपानी कंपनीने २०२० पासून आपले जुने फोनखेळ निन्टेन्डो स्विचवर पुन्हा प्रकाशित करायला सुरुवात केली. पण कंपनी आपली गाजलेली पाने छापते. बाकीचा ढीग हौशी माणसाच्या चिकाटीवर अवलंबून राहतो.

आज्ञावली सापडली तरी काम संपत नाही. सूर काढणाऱ्या यामाहाच्या ध्वनिचिपांचे वर्तन वेगळे उभारावे लागते. नाही तर खेळ चालतो पण भलत्याच आवाजात गातो. अधिक अवघड उदाहरण ‘बिफोर क्रायसिस : फायनल फँटसी सेव्हन’ या खेळाचे आहे. तो २००४ मध्ये डोकोमोच्या फोनसाठी निघाला आणि २०१८ मध्ये त्याची सेवा थांबली. त्यात एक युक्ती होती : फोनच्या कॅमेऱ्याने भोवतालचे छायाचित्र घ्यायचे आणि त्यातल्या रंगांवरून खेळातले जादूचे खडे घडायचे. संकटात सापडलेल्या खेळाडूला दुसऱ्या फोनवरचे खेळाडू मदत करीत. अशा कृतीची सीमा कोठे आखायची? आज्ञावली फोनात होती. पण कॅमेऱ्यासमोरचे आकाश, मदतीला येणारे परके लोक आणि या सर्वांना जोडणारा कंपनीचा सर्व्हर हे फोनाबाहेर होते. फोनची प्रतिकृती अचूक झाली तरी त्या संध्याकाळी त्या वेळी जोडलेली माणसे तिच्यात येत नाहीत. योशीच्या वाचकांची पत्रे पुस्तकाबाहेर राहिली, तेच येथेही घडते.

आणि घडी? तिच्या तीन प्रतिकृती आज उपलब्ध आहेत आणि तिन्ही परस्परांहून भिन्न आहेत. नोव्हेंबर २०१९ मध्ये मोटोरोलाने घडी होणाऱ्या काचेसारख्या पडद्याचा नवा रेझर जाहीर केला. त्यात एक गमतीची सोय ठेवली होती : एक खूण दाबली की पडद्याच्या खालच्या अर्ध्या भागात २००४च्या रेझरच्या धातूच्या कळा दिसू लागत आणि वरच्या भागात जुना पडदा. येथे बिजागरी खरी आहे, पण कळा चित्रातल्या. मूळची आज्ञावली तर मुळीच नाही. दुसरी प्रतिकृती वर सांगितलेल्या मुक्त साधनांची. तेथे आज्ञावली अस्सल आहे, पण बिजागरी नाही. फोन कायम उघडाच. तिसरी गूगलच्या अँड्रॉइड एम्युलेटरमधली. घडीचे स्मार्टफोन आल्यावर त्यांच्यासाठी लिहिणाऱ्यांना पुन्हा तीच जुनी गरज भासली आणि २०२०च्या अँड्रॉइड ११पासून बिजागरीचा कोन हा आज्ञावलीला वाचता येणारा आकडा झाला. एम्युलेटरमध्ये एक सरकपट्टी ओढली की फोन शून्यापासून १८० अंशांपर्यंत उघडतो. येथे बिजागरी आहे, पण ती केवळ संख्या म्हणून. मिटण्याचा खटका, अंगठ्याने झाकण उडवण्याची सवय, समोरच्याला कळेल असे मिटणे, यांपैकी काहीही तिच्यात नाही. रूप, संहिता आणि मापन अशी ही वाटणी आहे. तिन्ही एकत्र आणलेले साधन आमच्या पाहण्यात नाही.

या टप्प्यावर एक जुना वाद आठवणे उपयुक्त आहे. आय-मोड सुरू झाली त्याच वर्षी, १९९९च्या जानेवारीत, जेफ रोथेनबर्ग या अमेरिकन संशोधकाने असा आग्रह धरला, की संगणकीय दस्तऐवज टिकवण्याचा खरा मार्ग त्यांचे नव्या नव्या स्वरूपात रूपांतर करीत राहणे हा नसून जुन्या यंत्रांचे इम्युलेशन हा आहे. कारण प्रत्येक रूपांतरात काही ना काही नष्ट होते. डेव्हिड बेअरमन यांनी त्याच वर्षी त्यास कडक उत्तर दिले. यंत्राची वागणूक जपण्याच्या नादात दस्तऐवज पुरावा म्हणून का महत्त्वाचा आहे हेच निसटते, असा त्यांच्या आक्षेपाचा रोख होता. दोघांचेही थोडे थोडे खरे ठरले. २०१० मध्ये अमेरिकेतील एमरी विद्यापीठाने सलमान रश्दी यांचे कागदपत्र अभ्यासकांना खुले केले, तेव्हा त्यांच्या एका जुन्या मॅकिंटॉश संगणकाची प्रतिकृतीही वाचनकक्षात ठेवली. लेखकाच्या फायली त्याच्याच मांडणीत, त्याच्याच साधनांतून पाहता येऊ लागल्या. संग्रहपालांनी यंत्राला लेखकाच्या हस्तलिखिताचा दर्जा दिला, याची ही स्पष्ट खूण होती.

यावरून आमचा निष्कर्ष असा. एम्युलेटर ही मूळ यंत्राची प्रत नाही. ती आवृत्ती आहे, आणि प्रत्येक आवृत्तीला संपादक असतो. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने महाभारताची चिकित्सक आवृत्ती सिद्ध केली, तेव्हा स्वीकारलेला पाठ वर आणि वगळलेले पाठभेद खाली, अशी शिस्त पाळली गेली. वाचक संपादकाशी असहमत होऊ शकतो, कारण संपादकाने काय सोडले ते त्याला दिसते. फोनच्या एम्युलेटरला अशी तळटीप क्वचितच असते. पडद्याची रुंदी बदलली, कळ पाचदा दाबण्याचा श्रम संगणकाच्या कीबोर्डने माफ केला, आवाज जवळपासचा घेतला, झाकण वगळले. हे सारे संपादकीय निर्णय आहेत आणि ते न सांगता घेतले जातात. त्यांत दोष हौशी माणसांचा नाही. ज्यांनी हे काम हाती घेतले त्यांनी ते पदराला खार लावून घेतले. दोष असलाच तर तो पाठचिकित्सेची शंभर-दीडशे वर्षांची परंपरा जवळ असूनही या कामाकडे न फिरकणाऱ्या आपणा अभ्यासकांचा.

असे म्हटले जाईल, की फोनवरच्या त्या कादंबऱ्या दुय्यम होत्या, ते खेळ पोरखेळ होते. त्यांसाठी एवढा खटाटोप कशाला? त्यावर आमचे उत्तर असे, की दुय्यम काय हे ठरवायलाही आधी ते वाचता यावे लागते. २००७ मध्ये जपानच्या तरुण वाचकवर्गाने काय वाचले हे छापील ‘कोइझोरा’वरून कळेल; कसे वाचले हे त्यावरून कळणार नाही. त्यासाठी तो पडदा, त्या कळा, ती घडी यांची नोंद हवी. सारेच पुन्हा उभे करता येणार नाही हे उघड आहे. निदान काय उभे करता आले नाही याची यादी प्रत्येक प्रतिकृतीसोबत असावी. हे फोन वापरलेली माणसे अजून हयात आहेत, अजून तरुणही आहेत. झाकण मिटताना कसा आवाज येई आणि पुढच्या भागाची वाट कशी पाहिली जाई हे त्यांना विचारता येते. चिपमधली आज्ञावली तंत्रज्ञ काढतील. ही दुसरी साक्ष गोळा करण्याचे काम मात्र साहित्याच्या विद्यार्थ्याचे आहे, आणि त्याला अवधी थोडा आहे.